मरणावर थांबलेली पोथी

आमचे हे गावच्या शाळेत मास्तर. उभ्या जन्मात ह्यांनी विंचू मारलेला नाही. विंचू निघाला की हे पाटावर चढतात आणि चप्पल मी शोधते. पण कादंबरी लिहायला बसले की पानोपानी मुडदे पडतात. वऱ्हाड मध्यप्रांताला जोडलं त्याला वर्षं लोटली, तरी आमच्या गावचा नाला ओलांडला की निजामाची मोगलाई लागते. ह्यांचं म्हणणं, हद्दीवरच्या गोष्टीत रक्त नसेल तर पुण्याचे वाचक मासिक मिटून ठेवतात.

लिहा म्हटलं. पण चातुर्मासाची पोथी संपल्यावर लोकांना ऐकायची सवय राहिली होती, म्हणून ह्यांनी देवळात त्याच चौरंगाशी, त्याच समईपुढे बसून आपली कादंबरी वाचायला घेतली. तिथेच माशी शिंकली. त्या जागेवरून आजवर कुणी खोटं वाचलेलं नव्हतं. लोक हात जोडूनच ऐकत होते. फाटक्या कानाचा एक दरोडेखोर मोगलाईतून येतो आणि गावच्या पाटलाच्या छातीत सुरी खुपसतो, इथवर आले आणि ह्यांनी वही मिटली.

पोथी कुणाच्या मरणावर थांबवायची नसते, हे आमच्याकडे शेंबडं पोर सांगेल. जन्मावर थांबवा, लग्नावर थांबवा. मरण आलं तर पुढचं चांगलं येईपर्यंत वाचत राहायचं. मनकर्णाबाई, देवळातली सगळ्यांत जुनी श्रोती, म्हणालीसुद्धा, की मास्तर, आणखी थोडं वाचा. ह्यांनी हसून सांगितलं, की यालाच उत्कंठा म्हणतात. मेली ती उत्कंठा.

संक्रांत तोंडावर आली तसे शकीलभाऊ मणियार तट्टावर बांगड्या लादून नाला ओलांडून आले. माझं लग्न होऊन मी या गावात आले तेव्हापासून बांगड्या भराव्यात त्यांनीच. लहानपणी बैलाचं शिंग लागून त्यांचा डावा कान फाटलेला. ह्यांना दरोडेखोराला कान हवा होता, तो ह्यांनी तिथून उचलला. स्वतःचा द्यायला काय झालं होतं?

त्या दिवशी एकाही बाईने त्यांच्यापुढे हात केला नाही. शेजारच्या सोजराबाईने तर हात पदराखाली लपवून दार लावून घेतलं. दुपारी गावात पुढारपण करणाऱ्या किसनरावाने चारजण घेऊन त्यांना देवळापुढे बसवलं, तट्टू खांबाला बांधलं आणि चौकशीसाठी चिखलीच्या ठाण्यावर पाठवायचं ठरवलं. कसली चौकशी, ते कुणालाच सांगता येईना. गावचा पाटील तर धडधाकट, तिथेच पान खात बसलेला. पण कुणीतरी शकीलभाऊंच्या तोंडात मारलीच होती. ओठातून रक्त येत होतं आणि हिरव्या चुड्यांचा चुरा मातीत पडला होता. ठाण्यावर नेताना वाटेत हे लोक काय करतील, याचा नेम नव्हता.

मी धावत घरी गेले. सगळं ऐकून हे म्हणतात, "बघ, लिखाणाचा परिणाम किती झाला." मी ह्यांच्या हातातला टाक काढून घेतला आणि म्हटलं, "उठा. पोथी पुरी करा."

देवळात ह्यांनी आधी सांगून पाहिलं, की ही सगळी कल्पना आहे. किसनराव म्हणाला, मग आजवरच्या पोथ्याही तशाच का? मी मागून ढोसलं, तेव्हा हे चौरंगाशी बसले आणि वहीत नसलेलंच वाचू लागले, की मारणारा फाटक्या कानाचा नव्हताच, अंधारात तसं वाटलं. तो होता नाल्यापलीकडच्या जाफराबादकडचा. ऐकणाऱ्यांतला उत्तमराव उठलाच, ते त्याच्या लेकीचं सासर. बरं, भोकरदनचा. तिथे किसनरावाचा साडू. घाम पुसत ह्यांनी खुनी नाल्याच्या अलीकडे आणला, तर सगळं देऊळ गुरगुरायला लागलं. खून बसवायला ह्यांना एक गाव मिळेना.

मनकर्णाबाई पुढे सरकली. ती शांतपणे म्हणाली, "मास्तर, मारनारा सापडत नसंन तं मेलेल्याले उठवा."

हे कळवळले. सुरी छातीत मुठीपर्यंत गेली आहे, म्हणाले.

"खुपसली कोनं? तुमीच नं? मंग तुमीच काढा."

दातओठ खात ह्यांनी सुरी काढली. पाटलाच्या बंडीत कापूस जाड होता, सुरी त्यातच अडकली, पाटील डोळे उघडून पाणी मागू लागला, असं सगळं सांगावं लागलं. शेवटी पाटलाच्या लेकीचं लग्नही लावून दिलं, तेव्हा कुठे लोकांनी हात जोडले. मनकर्णाबाईने गूळखोबरं वाटलं, पहिला घास शकीलभाऊंच्या हातावर ठेवला. किसनरावाने तट्टू सोडलं. चुकलो एवढं म्हणायला काही त्याची जीभ रेटली नाही, आणि शकीलभाऊंच्या तोंडात मारणारा कोण ते कुणी विचारलं नाही. त्याची पोथी कुणालाच ऐकायची नव्हती.

मी तिथेच, सगळ्यांसमोर, बैठक मारली आणि हात पुढे केला. "भरा, शकीलभाऊ."

"घरी भरतो, मास्तरीनबाई," ते हळूच म्हणाले.

"इथंच भरा."

एवढ्या वर्षांत माझ्या हातावर त्यांची बांगडी कधी वाढली नव्हती. त्या दिवशी पहिलीच तडकन वाढली. ते कपाळाला हात लावून माफी मागू लागले, माझी, आणि मला तिथल्या एकेकाचा कान उपटावासा वाटला. माझ्या मागोमाग सोजराबाई येऊन बसली, खाली मान घालून.

तेवढ्यात हे माझ्या कानाशी वाकून म्हणाले, "हा प्रसंग कादंबरीत फार उठून दिसेल. फक्त त्याच्या ओठावर रक्त जरा जास्त हवं."

माझा हात शकीलभाऊंच्या हातात होता, म्हणून हे वाचले.