शेवटचे ताव

खातीपुऱ्यात माझ्याशी रशियन बोलणारं कोणी नाही, आणि मराठी बोलणारेही घरचेच. माझ्या मुलाची, प्रबुद्धची, रेल्वेत जयपूरला बदली झाली आणि सामानाबरोबर मीही आले. दिवसभरात तोंड उघडायचं ते भाजीवाल्यापुढे. म्हणून मॉस्कोहून तान्या नावाच्या मुलीचा व्हिडिओ कॉल येणार म्हटल्यावर मी दोन दिवस स्वयंपाकघरात रशियन क्रियापदं पुटपुटत होते. नातीला, मयूरीला, वाटलं मी बुद्धवंदना म्हणतेय.

"आजी, आवाज येतोय ना? मग मी जाते, मतलब माझा क्लास आहे," म्हणत तिनं कॉल लावून दिला आणि पसार झाली.

तान्या लिदिया मार्कोव्नांवर पुस्तक लिहीत होती. कार्टूनपटांच्या दिग्दर्शिका. तीस वर्षांत अकरा चित्रपट, सगळे दहा-बारा मिनिटांचे. अकराव्यानंतर त्यांना कोणी कामच दिलं नाही, आणि त्या एका खोलीत एकट्याच वारल्या. मी त्र्याऐंशी साली नागपूरहून शिष्यवृत्तीवर मॉस्कोला गेले आणि दोन वर्षांनी त्यांच्या हाताखाली लागले. अख्ख्या स्टुडिओला त्या शिव्या घालत. मला मात्र 'मुली' म्हणत.

"अकराव्या चित्रपटाची शेवटची चार मिनिटं सरकारनं नष्ट केली, असं सगळे सांगतात," तान्या म्हणाली. "तुम्ही तिथं होतात."

खरं काय झालं, ते चाळीस वर्षं मी नवऱ्यालाही सांगितलं नव्हतं.

तेव्हा सेल्युलॉइडच्या तावांवर चित्रं रंगवायची, कॅमेऱ्यानं टिपून झाली की ताव धुऊन पुन्हा वापरायचे. धुणं शिकाऊंकडे, म्हणजे माझ्याकडे. टिपून झालेल्या गठ्ठ्यावर पांढरी चिठ्ठी असायची. त्या शनिवारी एका गठ्ठ्यावर ती नव्हती. मी म्हटलं, पडली असेल. आई शनिवारी नागपुरात, इंदोऱ्यातल्या दवाखान्यात फोनपाशी येऊन बसायची, आणि मला तिचा आवाज हवा होता. भराभर धुऊन टाकलं. ते ताव लिदियाबाईंनी कच्चं चित्रसुद्धा न काढता, कोणाला न दाखवता, हिवाळाभर एकटीनं रंगवले होते.

त्या आल्या तेव्हा दोरीवर स्वच्छ ताव वाळत होते. त्यांनी ते पाहिले. मग चहा केला, आधी मला दिला. स्टुडिओच्या कमिटीपुढे म्हणाल्या, "मीच पुसलं. मला आवडलं नव्हतं." ते कोणाला खरं वाटलं नाही; सरकारनंच पुसायला लावलं, असं सगळे धरून चालले. खरं सांगत्या, तर माझी पुढच्याच विमानानं नागपूरला रवानगी झाली असती.

हे सगळं मी तान्याला सांगून टाकलं. आता ही फोन आपटणार, असं मला वाटलं. रडू आलं, ते मी लपवलं नाही.

"म्हणजे तो शेवट पाहिलेलं माणूस आता तुम्ही एकट्याच," ती हळूच म्हणाली. "काय होतं त्यात?"

"पत्रं वाटणारी म्हातारी. जन्मभर दुसऱ्यांची दारं ठोठावलेली. शेवटी घरी येते आणि स्वतःच्याच रिकाम्या घराचं दार ठोठावते. वाट बघत उभी राहते."

"आणि? दार उघडतं?"

'हो' म्हणणं किती सोपं होतं. तिच्या पुस्तकाला बरं झालं असतं, मलाही. पण माझ्यापायी एक खोटं बोलून झालं होतं, तेवढं पुष्कळ होतं.

"माहीत नाही," मी म्हणाले. "बाकीचे धुता धुता बघितले, शेवटचे ताव मात्र मी न बघताच धुतले. मला घरी फोन लावायचा होता."