शेकलेला कोरियन ढोल

मी एक जुना कोरियन ढोल आहे. कमरेत बारीक, दोन्ही तोंडांना रुंद. माझं एक कातडं फाटलं आहे. ते कसं फाटलं हे आठवलं, की आजही माझं डोकं फिरतं, मित्रांनो.

ओक-सून सतरा वर्षांची असताना तिने मला पहिल्यांदा अंगाला बांधलं. ती गिरकी घ्यायची, मी घुमायचो. मग तिला सिनेमावाल्यांनी बोलावलं. पहिल्या सिनेमात आम्ही दोघं नाचलो. दुसऱ्यात दिग्दर्शक म्हणाला, "ढोल राहू दे, तू नुसती रड." ती छान रडली. मग जो तो तिला रडायलाच बोलावू लागला. मला असा संताप यायचा!

पुढे तिचं लग्न झालं. नवरा माग बसवणारा कारागीर. १९९४ साली तो यंत्रं बसवायला आम्हाला घेऊन सुरतेत उधन्याला आला. मी कपाटावर गेलो, आणि माझ्यावर गोधड्या आल्या. आपण नाचायचो, हे ओक-सूनने इथे कुणाला सांगितलंसुद्धा नाही. घरकामाला शेजारच्या लिंबायत वस्तीतली खानदेशी सुंदरा यायची. तीच काय ती माझी धूळ पुसायची.

तीन वर्षांनी दसऱ्याला कारखान्यात यंत्रांची पूजा होती. नवऱ्याच्या तोंडून शेठला सगळं कळलं, आणि ओक-सूनला नाचायचं बोलावणं आलं. आमच्या शेवटच्या नाचानंतर अकरा वर्षांनी! आदल्या दिवशी तिने मला खाली काढून थाप मारली. दमट हवेने मी सैल पडलो होतो, भद्द वाजलो. तिचा चेहरा उतरला. माझ्या दोऱ्यांवर चामड्याचे छोटे पट्टे असतात. ते सरकवले की मी ताणला जातो. पण ते काम उद्यावर टाकून ती बाजारात गेली.

तो उतरलेला चेहरा सुंदराने पाहिला. तिने मला उचललं, रिक्षात घातलं आणि थेट घरी नेलं. तिचा नवरा हिलाल लग्नांत डफ वाजवायचा.

"हाऊ ढोल बसी जायेल शे. जरासा शेकी द्या," ती म्हणाली.

डफ शेकूनच ताणतात. हिलालने चिंध्या पेटवल्या. "आते देख कसा वाजस ते!" तो म्हणाला. मी ओरडून सांगत होतो, अरे, माझं कातडं पातळ आहे! ढोलाचं कोण ऐकतं? ते कातडं मधोमध तडकलं.

दसऱ्याला कारखान्यात टेपवर गाणी लागली. ओक-सून गेलीच नाही. सुंदरा दारात उभी राहून रडत होती. ओक-सूनने तिला हाताला धरून खाली बसवलं आणि एकेक पट्टा सरकवून दाखवला.

"पहले बोलना था ना, भाभी," सुंदरा हुंदके देत म्हणाली.

"हां," ओक-सून म्हणाली. "बोलना था."

आता सुंदराला सगळे पट्टे सरकवता येतात, आणि मी मात्र फाटलेला.

मित्रांनो, तुमच्याही कपाटावर कुणी पडलं असेल, तर त्याला वेळेवर खाली काढा. आणि त्याला शेकण्याआधी कुणाला तरी विचारा. तुमची माया आमच्या जिवावर बेतते.