न बघता टाकलेला गड्डा

“आता पाळी कुणाची हाय?” आबांनी तिसऱ्यांदा विचारलं.

“पाळी नसती यात, आबा. दोन्हीकडच्या एकदमच खेळत्यात.”

“मंग आपली आरती नुसतीच का उभी?”

“ती गोलकीपर हाय. बॉल तिकडं आला की तिचं काम.”

“आन् न्हाई आला तर?”

“तर उभीच.”

आबांना हे काही पटलं नाही. कामाच्या जागी उभं राहिलेलं माणूस त्यांच्या डोळ्यांना सहनच होत नाही. पुण्यातल्या त्या फुटबॉलच्या मैदानाच्या सिमेंटच्या पायरीवर ते धोतराचा सोगा सावरत बसले होते आणि पुन्हा पुन्हा टोपी सारखी करत होते. बघायला जेमतेम दीडशे माणसं. त्यात धोतर आणि टोपी एकच. मी त्यांना आमच्या गावाहून, पिंपरी पेंढारहून, माझ्या पिकअपमध्ये घालून आणलं होतं आणि आणताना माझी पुरती दमछाक झाली होती. कधी गाय व्यायला झाली म्हणत, कधी कालव्याच्या पाण्याचं आवर्तन आलं म्हणत ते टाळायचे. पंधरा वर्षं हेच चाललं होतं. आरती गोव्याच्या क्लबकडून खेळली, केरळात तीन वर्षं राहून आली, दोनदा भारताच्या संघाच्या शिबिरात जाऊन आली. तिथं दोन्ही वेळा ती तिसऱ्या नंबरची गोलकीपर होती, म्हणजे बाकावरच. आमच्या आईनं दोनदा पुण्याला जाऊन तिचा खेळ बघितला आणि “त्या पोरी तिच्या अंगावर काय धावून जात्यात!” म्हणून मैदानाबाहेरूनच भांडण उकरलं. आबा मात्र एकदाही गेले नव्हते.

आणि आजची मॅच आरतीची शेवटची होती. चौतिसावं सरत आलं, उजवा गुडघा दोनदा दुरुस्त झाला, अनामिका कायमची वाकडी. आठ दिवसांपूर्वी तिचा फोन आला होता.

“दादा, आबांना आण. कायबी कर, पण आण. एकदा बघू दे त्यांना मला.”

एवढंच मागितलं तिनं. ती कधी काही मागत नाही, म्हणून मला ते लागलं.

माझी बहीण गोलकीपर झाली ती कोबीमुळे. हे मी गमतीनं सांगत नाही. आमच्याकडं कोबी गोणीत भरत नाहीत, मोकळाच टेम्पोत भरतात. एकानं सरीत वाकून गड्डा कापायचा आणि वर टेम्पोत फेकायचा, दुसऱ्यानं तो झेलून रचायचा. आबा कापणार आणि फेकणार, हे ठरलेलं. आणि त्यांची रीत अशी की फेकला की बघायचं नाही. गड्डा हातातून सुटेपर्यंत त्यांचा विळा पुढच्या गड्ड्याच्या बुडाशी गेलेला असायचा.

“न बघता कसं टाकता?” म्हणून कुणी विचारलं तर म्हणायचे, “तिथं माणूस हाय ना उभं? मंग बघायचं कशाला?”

सुरुवातीला वर मी उभा असायचो. माझ्या हातून इतके गड्डे पडले आणि फुटले, की आमची गाय त्या मोसमात पाटावर बसल्यासारखी जेवली. आबा कधी ओरडले नाहीत. “पडला त्यो गाईचा. पुढला धर,” एवढंच म्हणत. शेवटी अकरा वर्षांची आरती मला ढकलून टेम्पोत चढली. तेव्हापासून गाय वाळली ती वाळलीच.

ती गड्डा दोन्ही हातांत घ्यायची आणि पोटाशी आणायची. आवाज येत नसे. ओतूरच्या कॉलेजातले खेळाचे शिक्षक बाळासाहेब सर एका रविवारी कोबीच्या रोपांची चौकशी करायला आले आणि अर्धा तास बांधावरच उभे राहिले. रोपांचं विसरूनच गेले.

“हौशीरामभाऊ, या पोरीला माझ्याकडं पाठवा,” ते म्हणाले.

“कोबी भरायला?” आबांनी विचारलं.

तिथून सगळं सुरू झालं. पुढं गावानं तिचा सत्कार केला, तेव्हा फ्लेक्सवर ‘धडाकेबाज गोल करणारी आपली लाडकी कन्या’ असं छापलं होतं. आरतीनं जन्मात एक गोल केला नाही. ती हसली आणि नारळ घेऊन घरी आली. गावाचं तिला कधी वाईट वाटलं नाही. आबांचं वाटायचं. तिच्या मॅच मोबाईलवर दिसायला लागल्या तेव्हा मी ओसरीवर फोन धरून बसायचो. बॉल तिच्याजवळ आला रे आला की आबा उठायचे. कधी मोटर चालू आहे का बघायला, कधी गोठ्यात. एका दिवाळीला तिनं हे बघितलं आणि मला हळूच विचारलं, “दादा, आबांना माझं काम आवडत न्हाई का रे?”

“छ्या! तसं काय न्हाई,” मी म्हणालो. पण मलाच खात्री नव्हती.

आता मैदानावरसुद्धा त्यांनी तोच खेळ मांडला. बॉल पलीकडच्या गोलापाशी असला की टक लावून बघायचे. समोरच्या संघाची गोलकीपर कशी उडी मारते, तेही त्यांनी मला समजावून सांगितलं. पण बॉल आरतीकडं वळला की यांना तहान लागायची. पहिल्या अर्ध्यात तिनं एक बॉल एका हाताच्या बोटांनी दांडीवरून बाहेर काढला. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते आणि आबा पिशवीत तोंड घालून भाकरीचं फडकं सोडत होते.

“आबा, बघा की! त्यासाठीच आणलंय तुमाला एवढ्या लांब.”

“बघतोय न्हवं. हाय चांगलं.”

मला असा राग आला म्हणता! पण बापावर चारचौघांत ओरडता येत नाही, म्हणून मी त्यांच्यातलीच भाकरी खाल्ली.

शेवटची सात-आठ मिनिटं राहिली होती. दोन्हीकडं शून्य. एवढ्यात आमच्या एका पोरीचा पाय समोरच्या पोरीला लागला आणि पंचांनी पेनल्टी दिली.

“काय झालं?” आबांनी विचारलं.

“आता मधी कुणी न्हाई. समोरची एकटी मारणार आन् आपली आरती एकटी धरणार.”

आबा उठून उभे राहिले. मला बरं वाटलं. म्हटलं, चला, शेवटी तरी! आणि आबा वळले. मैदानाकडं पाठ करून, दोन्ही हात मागं बांधून, पायऱ्यांवरच्या लोकांकडं तोंड करून उभे राहिले.

“बाबा, खाली बसा,” मागून कुणीतरी म्हणालं.

आबा हलले नाहीत. सगळी माणसं आरतीकडं बघत होती आणि एक टोपी तिच्याकडं पाठ करून उभी होती. गोलातून तिला ती दिसली. तिनं मान वर केलेली मी पाहिली.

शिट्टी वाजली. बॉल तिच्या डावीकडं, खाली आला. तिनं दिशा बरोबर ओळखली होती. बोटं लागली, पण बॉल आत गेला.

“धरला?” आबांनी न वळता विचारलं.

“न्हाई.”

“हात लागला व्हता का?”

“लागला व्हता.”

“मंग झालं तर. पुढला धरील,” आबा सवयीनं म्हणाले. पुढला नव्हताच, हे मग त्यांच्या लक्षात आलं. ते सावकाश खाली बसले आणि उरलेला वेळ त्यांनी सोगा मुठीत धरून काढला.

मॅच आम्ही तिथेच हरलो. पोरींनी आरतीला खांद्यावर घेतलं, तिच्या क्लबनं तिला सगळ्यांच्या सह्यांचा शर्ट दिला. मग ती एकटीच हातमोजे काढत, आम्ही उभे होतो त्या कुंपणाच्या जाळीपाशी आली. डोळे लाल झाले होते.

“आबा, पाठ का फिरवली तुमी?”

आबांनी तिच्याकडं असं बघितलं, की हा काय प्रश्न झाला!

“तू व्हतीस ना तिथं उभी? म्या टाकल्यावर कदी बघितलंय का?”

आरती हसायला लागली आणि हसता हसता रडायला लागली. मलाही काही सुधरेना. पंधरा वर्षं आम्ही दोघं भावंडं काय समजत होतो आणि ते किती सरळ होतं!

“मला वाटायचं, तुमाला आवडत न्हाई,” ती म्हणाली.

“खुळी का काय?”

“तरीबी एकदा बघायला पायजे व्हतं, आबा.” तिनं जाळीला कपाळ टेकलं. “मी लई चांगली धरते.”

आबांनी जाळीच्या भोकातून बोट घालून तिच्या वाकड्या बोटाला लावलं आणि तसेच उभे राहिले. परत येताना पिकअपमध्ये ती मध्ये बसली होती. चाकणच्या पुढं तिचा डोळा लागला. आबा मात्र आळेफाट्यापर्यंत टक्क जागे होते, एकदासुद्धा पेंगले नाहीत.

दोन दिवसांनी कोबीची तोड होती. बिबट्याच्या भीतीनं उजाडल्याशिवाय कुणी रानात जात नाही, त्यामुळं ऊन वर आल्यावरच पिकअप बांधाला लावली. मी वर चढणार तेवढ्यात आरतीनं मला बाजूला केलं, अकरा वर्षांची असताना केलं होतं तसंच. जूनपासून ती ओतूरला बाळासाहेब सरांकडं पोरींना शिकवायला जाणार होती. तोवर घरीच होती आणि सकाळपासून गुणगुणत होती. तिनं आधी मॅचचे हातमोजे चढवले, दवानं गड्डा सटकतो म्हणून काढले आणि चालकाच्या सीटवर फेकून दिले.

“टाका, आबा.”

आबा वाकले. सत्तरी गाठली तरी विळ्याचा हात तोच आहे. एक कापला, टाकला. दुसरा कापला, टाकला. मान खालीच. वर आरती, आवाज न करता घेत होती, रचत होती. मी मागं सुटलेली पानं गोळा करत होतो. वीस-पंचवीस गड्डे गेले असतील.

मग आबा थांबले. कमरेवर हात ठेवून सरळ झाले. चष्मा काढून सदऱ्याच्या टोकानं पुसला, पुन्हा लावला. हातातल्या गड्ड्याकडं बघितलं, वर आरतीकडं बघितलं आणि तिच्याकडं बघत बघतच तो टाकला.

आयुष्यात कधी बघून टाकलं नव्हतं. त्यामुळंच असेल, गड्डा वाकडा गेला. डावीकडं, खाली, पार पिकअपच्या कडेच्या फाळक्याच्या बाहेर. आरतीनं रचलेल्या ढिगावरून अंग झोकून दिलं. आधी बोटं लागली, मग दुसरा हात आला, आणि ती अर्धी बाहेर लोंबकळत गड्डा घेऊन थांबली.

“आगं गुडघा!” मी ओरडलो.

आबा हलले नाहीत. विळा हातात तसाच, मान वर. तिनं गड्डा पोटाशी आणला, सावरली, उभी राहिली, तोवर ते बघत होते.

“चांगली धरतीस की,” आबा म्हणाले.

आरती गड्डा रचायचं विसरली. तसाच पोटाशी धरून उभी राहिली.

“टाका पुढला,” ती शेवटी म्हणाली.

आबांनी पुढला कापला, कमरेवर हात ठेवून सरळ झाले, तिच्याकडं बघितलं आणि टाकला. तो तिच्या पोटाशी जाईपर्यंत बघत राहिले. मग पुढला. तोही तसाच.

“आबा, असं एकेक बघत बसला तर दुपार व्हईल,” मी म्हणालो.

“हुं दे,” आबा म्हणाले.

त्या दिवशी पिकअप भरायला खरंच दुपार झाली.