नीलमोहराचा पाचवा केसर

मित्रांनो, मी एक जुना नमुना आहे. ‘काय नमुना आहे’ म्हणून तुम्ही एकमेकांना चिडवता तसला नव्हे. कॉलेजच्या प्रयोगशाळेत शिकवायला ठेवलेला, नीलमोहराच्या फुलाचा नमुना. खरं फूल तुमच्या बोटाएवढं असतं, मी तुमच्या हाताएवढा आहे. वास विचाराल तर पूर्वी डिंकाचा येई, अलीकडे ऑइलपेंटचा येतो. माझा स्वभाव पहिल्यापासून असा कडवट नव्हता. तो कसा झाला ते ऐका, आणि मध्येच उठून जाऊ नका, कारण शेवटी मला तुमच्याकडे एक काम आहे.

आमच्या गावात नीलमोहराचं झाड नाही. औषधालासुद्धा नाही. पण वनस्पतिशास्त्राचा विभाग ज्यांनी सुरू केला त्या थोरल्या सरांना हेच फूल शिकवायचं होतं. त्यांनी बाहेरगावच्या मेहुण्याला गळ घातली, ओल्या कापसात गुंडाळलेली फुलं मागवली आणि ती कोमेजायच्या आत एका पुतळेवाल्याच्या पुढ्यात नेऊन ठेवली. कपड्यांच्या दुकानात काचेमागे उभे असतात ते पुतळे हा माणूस करायचा. त्याला हातापायांची सवय. फुलाला ना नाक ना डोळे, मन लागणार कसं, असं तो कुरकुरत होता. सर मात्र त्याच्या डोक्यावर उभे. कागदाचा लगदा, डिंक आणि तारा यांतून त्याने मला घडवलं, जांभळा रंग दिला आणि माझ्या पोटाला एक बिजागरी बसवली. ती उघडली की आतलं सगळं दिसतं.

आत काय आहे ते सांगतो, कारण पुढचं सगळं रामायण त्यावरूनच झालं. आत पाच काड्या आहेत. चार काड्यांच्या टोकाला शेंगदाण्याएवढी पिवळी बोंडं आहेत. ते झाले पुंकेसर. बोंडात, म्हणजे परागकोशात, पराग असतो आणि त्या परागावर पुढची फळं, बिया, सगळा संसार चालतो. पाचवी काडी त्यांच्याच रांगेत उगवते, चौघांहून लांब असते, पण तिच्या टोकाला बोंड नाही. नुसते केस. हे केस लावायला थोरल्या सरांनी स्वतःचा दाढीचा ब्रश कापला आणि घरी बोलणी खाल्ली. या पाचव्या काडीला शास्त्रात वंध्यकेसर म्हणतात. पुंकेसरांच्या जागी उगवलेला, त्यांच्याच जातीचा, पण पराग नसलेला केसर, तो वंध्यकेसर.

हा शब्द फळ्यावर आला की मागच्या बाकांवर हमखास खसखस पिकायची. सर रागवायचे नाहीत. ते म्हणायचे, ही शिवी नाही, नाव आहे. नाव नसतं तर तुम्ही एकतर त्याला पुंकेसरांत मोजलं असतं, नाहीतर कचरा म्हणून सोडून दिलं असतं, आणि दोन्ही वेळा चुकला असता. मग ते समजावून सांगत. पराग नाही म्हणून तो रिकामा बसलेला नाही. फुलात शिरणाऱ्या माशीची वाट तो अरुंद करतो, माशी अंग चोरून पुढे सरकते आणि त्या धडपडीत बाकीच्या चौघांचा पराग तिला लागतो. काही फुलांत वंध्यकेसर मध देतो, काहींत पाकळीसारखा पसरून शोभा वाढवतो, आणि काहींत नुसताच उभा असतो. म्हणून आधी बघायचं, मग मोजायचं, आणि नाव सगळ्यात शेवटी द्यायचं. असं शिकवणं होतं त्यांचं. ते माझे चांगले दिवस. मुलं मला दोन्ही हातांनी उचलायची, आणि कोणी हात पुसला नसेल तर सर त्याला आधी नळावर पाठवायचे.

थोरले सर गेले. मग कोण कोणाला विचारतो? मी कपाटात गेलो. जांभळा रंग विटला, बिजागरी कुरकुरायला लागली. झुरळांनी पाचव्या काडीचे केस खाऊन फस्त केले. चार काड्यांना बोंडं आणि पाचवी अगदी टकली, अशा अवस्थेत मी पुष्कळ वर्षं काढली. कोणी हळहळलं नाही. थोरल्या सरांच्या हाताखाली शिकलेल्या एक बाई आता शिकवत होत्या. त्या कधीमधी फडक्याने माझ्यावरची धूळ झटकत, तेवढीच काय ती विचारपूस.

मग एकदा कॉलेजची तपासणी करायला समिती येणार अशी बातमी आली आणि सगळ्यांची झोप उडाली. विभागप्रमुखांनी भिंती रंगवून घेतल्या, आणि पेंटर आलाच आहे तर ही भंगारातली फुलंही चकाचक करून टाक म्हणाले. हा पेंटर दुकानांच्या पाट्या रंगवणारा. मनाने फार भला माणूस. त्याने माझी बिजागरी उघडली, आत बघितलं आणि त्याला वाईट वाटलं. चौघांना बोंडं आहेत, पाचव्याचंच पडलंय. त्याने पुट्टीचा गोळा वळला, शेंगदाण्याएवढा केला, पाचव्या काडीच्या टोकाला चिकटवला आणि बाकीच्यांसारखा पिवळाधमक रंगवला. तेवढ्यासाठी त्याने वेगळे पैसेही मागितले नाहीत. त्याला मी काय दोष देऊ? त्याला कोणी सांगायला हवं होतं. सांगणारे सगळे चहाच्या कपांची मोजणी करण्यात गुंतले होते.

बाईंच्या ते दुसऱ्याच दिवशी लक्षात आलं. त्या मला उघडून बराच वेळ बघत राहिल्या आणि मग विभागप्रमुखांकडे गेल्या. प्रमुख म्हणाले, समिती उंबरठ्यावर आहे, आता पुन्हा रंगाचे डबे नकोत, नंतर बघू. समिती आली. तिच्यातल्या एकाने माझ्यावर हात फिरवून प्रमुखांची पाठ थोपटली. मग तर काय, प्रमुख हवेतच. बाईंनी पुन्हा विषय काढला तेव्हा ते म्हणाले, परीक्षा होऊ द्या हो. बाईंनीही मग तो नाद सोडला. ब्लेडच्या टोकाने उडवायचा एक पुट्टीचा गोळा, पण ‘नंतर’च्या खात्यात एकदा पडला तो पडलाच.

आता त्या मुलीचं सांगतो. ती लॉन्ड्रीवाल्याची मुलगी. सगळे तिला तसंच म्हणत, आणि तिलाही त्यात काही वावगं वाटत नसे. तिला पुढे शिकायचं होतं, झाडाफुलांचंच. वडिलांचा विरोध नव्हता, पण दुकानावर माणूस हवा होता. त्यांनी सरळ सांगितलं होतं, पहिल्या वर्गात आलीस तर मी दुकानावर गडी ठेवतो आणि तू शिक. नाही आलीस तर गल्ल्यावर बस, मग कुरकुर चालणार नाही. तिने ते कबूल केलं होतं. लेखी परीक्षेची तिला धास्ती नव्हती. सगळी भिस्त प्रात्यक्षिकावर होती, कारण तिथेच तिचा हात चांगला चालायचा.

बाईंनी वंध्यकेसर शिकवला त्या आठवड्यात ती वर्गात नव्हती. वडील तापाने फणफणले होते आणि इस्त्री तिच्या हातात होती. बाकीच्या मुलांकडे गाईड होतं. हिच्याकडे नव्हतं, आणि मागायचा स्वभावही नव्हता. ती आली तशी थेट माझ्याकडे आली. आमच्या प्रयोगशाळेची रीतच होती, जे दिसतं तेच काढायचं, पुस्तकातलं चित्र बघून काढलं तर बाई कागद परत करायच्या. त्या रीतीप्रमाणे ती मला उघडून बसली. कोरे कागद घेऊन तिने मला समोरून काढलं, बाजूने काढलं, उघडून काढलं. इतक्या वर्षांत मला इतकं निरखून कोणी बघितलं नव्हतं. पाच काड्या, पाच पिवळी बोंडं. ती मन लावून एकेक बोंड रेखाटत होती आणि माझा जीव वरखाली होत होता. अगं, पाचवं माझं नाही, ते मला चिकटवलंय, असं ओरडून सांगावंसं वाटत होतं. पण लगद्याला कुठली आलीय वाचा?

प्रात्यक्षिकाच्या दिवशी कपाटांच्या काचांना आतून वर्तमानपत्रं लावतात, म्हणजे मुलांनी बघून उत्तरं देऊ नयेत. मी त्या कागदाआड बसून ऐकत होतो. बाहेरगावहून आलेले परीक्षक एकेकाला बोलावून तोंडी विचारत होते. शेजारी बाई बसल्या होत्या आणि दाराशी विभागप्रमुख चहाची व्यवस्था बघत होते. मुलीने सुरुवात झकास केली. परीक्षक खूश झालेले आवाजावरूनच कळत होते. मग त्यांनी विचारलं, नीलमोहराच्या फुलात पराग देणारे केसर किती.

“पाच,” ती म्हणाली.

परीक्षकांनी तिला संधी दिली, मी खोटं सांगणार नाही. नीट आठवून बघ म्हणाले.

“आठवायचं काय सर, मी स्वतः बघितलंय. आमच्या नमुन्यात पाचही केसरांना परागकोश आहेत. ह्या कपाटातच आहे तो, उघडून बघा.”

परीक्षक उठले नाहीत. त्यांनी बसल्या जागेवरूनच बाईंना विचारलं, “काय हो बाई, पाच आहेत तुमच्या नमुन्यात?”

मित्रांनो, दाराशी चाललेला कपबश्यांचा आवाज थांबला. बाईंना एकच वाक्य बोलायचं होतं. पेंटरने चूक केलीय, मुलगी बरोबर सांगतेय. पण ते बोलायचं म्हणजे प्रमुखांच्या तोंडावर त्यांचा फजितवाडा करायचा, बाहेरच्या माणसासमोर विभागाची अब्रू काढायची, आणि मग इतके दिवस तुम्ही काय करत होतात, याचं उत्तर द्यायचं.

“नाही सर,” बाई म्हणाल्या. “चारच आहेत. पाचवा वंध्यकेसर.”

परीक्षकांचा आवाज बदलला. चूक झाली असती तर मी सोडून दिली असती, ते मुलीला म्हणाले, पण न बघितलेलं बघितलं म्हणून सांगणं मला चालत नाही. त्यानंतर त्यांनी तिला काहीच विचारलं नाही. ती ‘थँक्यू सर’ म्हणून उठली. पुढच्याचं नाव पुकारलं गेलं, आणि गाईड पाठ केलेला तो मुलगा, ज्याने मला जन्मात उघडलं नव्हतं, चार आणि एक असं धडाधड सांगून मोकळा झाला.

सगळे पांगल्यावर बाईंनी कपाट उघडलं. मला टेबलावर ठेवलं, ब्लेड घेतलं आणि पाचव्या काडीवरचा गोळा उडवला. एका झटक्यात निघाला तो, पुट्टीच ती. बाईंनी तो रुमालात गुंडाळून पर्समध्ये टाकला. रडल्याही थोड्या. मला काडीचीही कणव आली नाही.

तेवढ्यात दारात ती मुलगी उभी. कोणाशी भांडायला आलेली नव्हती. एकदा बघू का, एवढंच तिने विचारलं. बाईंनी मान हलवली. ती माझ्यावर वाकली. चार बोंडं आणि एक टकली काडी. तिने बोटाने एकेक काडी मोजली, पुन्हा मोजली. तिचा चेहरा असा उतरला की मला माझी बिजागरी धाडकन मिटून घ्यावीशी वाटली.

“बाई, मला तर इथे पिवळं दिसलं होतं.”

अजूनही वेळ गेली नव्हती. परीक्षक खाली ऑफिसात बसले होते, गुण अजून पाठवले नव्हते.

“होतं असं कधी कधी,” बाई म्हणाल्या. “इथे उजेड कमी आहे ना.”

मुलगी ‘हो’ म्हणाली. वर सॉरीही म्हणाली, बाईंना उगाच खोटं पाडलं म्हणून. आणि गेली.

तिचा पहिला वर्ग थोडक्यात हुकला. वडिलांनी आरडाओरडा केला नाही, ठरल्याप्रमाणे गल्ल्याची खुर्ची तेवढी पुढे सरकवली. ती बसली. आमच्या प्रयोगशाळेचा शिपाई आपले कपडे तिथेच धुवायला देतो. तो परवा सांगत होता, पोर गुणी आहे, पण एक खोड लागलीय. धुतलेला शर्ट गिऱ्हाइकापुढे पसरते आणि विचारते, डाग गेलाय का ते तुम्हीच बघा हो, माझ्या डोळ्यांचा मला भरवसा नाही. शिपाई हसत हसत सांगत होता. बाई तिथेच होत्या. त्यांनी ऐकलं आणि मुलांच्या हजेऱ्या घ्यायला लागल्या.

आता माझं काम. माझी काळजी घ्या, मला पुसून ठेवा, असं मी म्हणणार नाही. मला उद्या रद्दीत टाकलंत तरी हरकत नाही. ज्या वस्तूकडे बघून कोणी शिकतं तिच्यावर रंगाचा हात फिरवण्याआधी विचारत जा, हेही कोणीतरी मोठं माणूस तुम्हाला सांगेल. माझं मागणं वेगळं आहे. लॉन्ड्री बाजाराच्या टोकाला आहे. गल्ल्यावर जी बसलेली दिसेल ती तीच. तिला जाऊन एवढंच सांगा, की पाच होते. तिने बघितलं तेव्हा पाचच होते.