बंद बाह्या

शिंपीण सकाळपासून ब्लाउजांना काजं करत बसली होती. पायाशी तिची दोन वर्षांची चिमणी रडत होती आणि झबल्याच्या बंद बाह्या सारख्या हलवत होती.

चिमणी जन्मापासून बहिरी. दुकानात इस्त्री करणारी ताईही बहिरीच; तिच्याकडून आईबापांनी खुणा शिकून घेतल्या आणि पोर हातांनी चुरूचुरू बोलू लागली. सासूबाईंना मात्र ते बघवेना. "हातवारे करत बसली तर तोंड कधी उघडणार? चारचौघांत शोभा होते आपली. झाकून टाक ते हात!" नवऱ्याने आईपुढे मान तुकवली. आणि हिला तरी काय दुर्बुद्धी सुचली कोण जाणे, हिने स्वतःच्या हातांनी चार झबल्यांच्या बाह्यांची तोंडं शिवून टाकली.

"हट्ट करतेय. लक्ष देऊ नकोस," सासूबाई म्हणाल्या. शिंपिणीने पुढचं काज घेतलं.

दुपारी पोरीने घोटभर पाणीही गिळलं नाही. तोंडातून लाळेची धार लागली, श्वास घरघरू लागला.

"आई, हिला काहीतरी होतंय हो!"

"कुठे दुखतंय गं बाळे? सांग ना!" सासूबाईंनी टाहो फोडला.

सांगणार कशाने? शिंपिणीने कात्री उचलली. तिने टराटरा दोन्ही बाह्या उसवल्या. इवली बोटं बाहेर आली. त्यांनी छातीवर गोल केला. बटण! मग हात गळ्यावर गेला.

सकाळी झबलं घालण्याआधी बटणांचा डबा उघडाच राहिला होता. ती पोरीला उचलून धावत सुटली.

डॉक्टरांनी नळी घालून बटण काढलं. "काय गिळलंय ते कळलं म्हणून बरं. आणखी उशीर झाला असता तर अवघड होतं."

संध्याकाळी पोर झोपली. सासूबाई हळूच म्हणाल्या, "आता डबा तेवढा वर ठेवत जा, म्हणजे झालं."

शिंपिणीने उरलेली तीन झबली त्यांच्या मांडीवर टाकली आणि हातात कात्री दिली.

"उसवा, आई. तुमच्या हातांनी. आपल्या दोघींचे कान चांगले धडधाकट आहेत. पोर सकाळपासून त्या बाहीच्या आत सांगत होती. ऐकलं का एकीने तरी?"