जोतीरामच्या जाळ्यातला जिताडा

गोटीरामला फुशारकी मारायची खोड जुनीच, पण जासईच्या माणसांसमोर मारली ती अंगाशी आली. कुणाच्या तरी हळदीला मांडवात बसल्या बसल्या तो, लेकीसाठी ज्याचं स्थळ मनात धरलं होतं त्या हरेशच्या बापाला म्हणून गेला, "आमच्या मनस्वीला बगाया या, जिताडा खिलवतो. तलावातला नाय, खाडीतला." झालं. त्या माणसाने लगेच रविवार धरला.

आता नेरूळच्या टॉवरांमागच्या आमच्या खाडीत जिताडा असा सांगून येतो का? गटाराचं पाणी सोडून सोडून खाडीची पार रया गेलीय. जाळ्यात माशांपेक्षा प्लास्टिकच्या पिशव्या जास्त. त्यात गोटीरामचं जाळं बारीक आसाचं, म्हणजे बारीक भोकांचं, बोय आणि कोलंबी धरायचं. मोठ्या आसाचं जाळं गावात एकट्या जोतीरामचं उरलेलं, आणि जोतीराम हर्नियाचं ऑपरेशन होऊन खाटेवर.

आमच्याकडे माणूस आजारी पडला की त्याचं जाळं शेजाऱ्याने उचलायचं. त्यातला बोटभर मासासुद्धा ठेवून घ्यायचा नाही. आधी त्याच्या दारात माशांची पाटी टेकवायची, मग आपलं घर. हे कुणी शिकवत नाही आणि कुणी मोडतही नाही. जोतीराम पडल्यापासून गोटीराम हे रोज करत होता, आणि अगदी मनापासून करत होता, हेही सांगायला हवं.

रविवारी सकाळी त्याने आधी आपलं जाळं ओढलं. मूठभर बोय आली आणि एक चप्पल. मग जोतीरामचं ओढायला घेतलं. ते हाताला जड लागलं तेव्हाच तो भराभर ओढायला लागला. वर आला तो हातभर लांबीचा जिताडा, कल्ले अजून हलत असलेला.

होडीत बसून तो त्या माशाकडे बघत राहिला. पाहुणे दुपारी येणार. तळ्यातला जिताडा बाजारात मिळाला असता, पण जासईचा माणूस पहिल्या घासाला ओळखणार. जोतीरामकडे मागितला असता तर त्याने हसत दिला असता, हे गोटीरामला पक्कं ठाऊक होतं. पण मागायचं म्हणजे आपल्या जाळ्यात काही लागलं नाही हे कबूल करायचं, आणि तेवढंच त्याला जमेना. एवढ्याशा ताठ्यापायी माणूस काय काय करतो बघा! त्याने जिताडा बर्फाच्या डब्यात तळाशी दडवला. जोतीरामच्या दारात त्याच्या जाळ्यातल्या बाकीच्या शिंगाळ्यांची पाटी टेकवली आणि हाक न मारताच घरी आला.

तो खुर्च्या आणायला गेला तेवढ्यात त्याच्या बायकोने, यशोदाने, बयाबाईला बोलावून घेतलं. बयाबाई म्हणजे जोतीरामची बायको. जिताडा तिच्यासारखा गावात कुणाला रांधता येत नाही, तेव्हा यशोदाचं काही चुकलं नाही. गोटीराम परत येऊन बघतो तर बयाबाई मोरीपाशी विळीवर बसलेली आणि मांडीपुढे तो मासा.

तिने तो उचलला आणि कल्ल्यामागे अंगठा फिरवला. तिथे जाळ्याच्या दोऱ्याचा वळ उठला होता. वळावरून आस केवढा होता ते कळतं, आणि जोतीरामचं जाळं फाटलं की दर वेळी बयाबाईच विणत आली होती. हे गोटीरामच्या ध्यानात यायला हवं होतं. खाडीवर जन्म काढलेला माणूस, पण त्या सकाळी त्याचं डोकंच ठिकाणावर नव्हतं.

"मोटा गावला, भाऊजी," ती म्हणाली. "तुमच्या जाल्यात?"

अजूनही वेळ गेली नव्हती. यशोदा भाताला आधण ठेवत होती, मनस्वी साडीला पिना लावत होती.

"हो," गोटीराम म्हणाला.

बयाबाईने त्याच्याकडे एकदा पाहिलं आणि मासा विळीवर धरला. पहिला घाव तिने नेमका त्या वळावर घातला. गोटीराम उगाचच बाहेर जाऊन मांडलेल्या खुर्च्या पुन्हा मांडू लागला.

पाहुणे जेवायला बसले. हरेशचा बाप बोटं चाटत म्हणाला, "खाडीचाच हाय! कुटं गावला?"

गोटीरामने पाण्याचा तांब्या उचलला. तेवढ्यात वाढायला आलेली बयाबाई म्हणाली, "तिवरांच्या अंगाला. आमच्या भाऊजींना खाडी बरोबर देते."

सगळे हसले. हरेशच्या बापाने तिथल्या तिथे पोरगी पसंत म्हणून सांगितलं. मग त्याने रश्श्यातलं डोकं काढून गोटीरामच्या ताटात ठेवलं, कारण डोक्याचा मान ज्याच्या जाळ्यात मासा लागतो त्याचा. गोटीरामने त्याला हात लावला नाही. "मागून खातो," म्हणाला. लेकीचं लग्न ठरलं त्या घडीला त्या माणसाला भुईत गडप व्हावंसं वाटत होतं.

संध्याकाळी तो ते डोकं डब्यात घालून जोतीरामकडे गेला. सगळं सांगून टाकायचं ठरवूनच गेला होता. जोतीरामने डबा उघडला आणि त्याचे डोळे भरून आले.

"डोक्याचा मान तुजा, न मना आनतंस? रोज माजं जालं उचलतंस ते काय कमी हाय?"

"जोती, ऐक, तो जिताडा..."

"भाऊजी, जरा भायेर या," बयाबाई दारातून म्हणाली.

ती त्याला अंगणाच्या टोकाला घेऊन गेली.

"सांगाया आयलाव ना? नका सांगू. यांना कललं तर उद्या पोटाच्या टाक्यांसकट सोताच होडीत चढतील. तुमाला हलकं वाटावं म्हनून मी माजा मानूस मारू?"

गोटीरामला मान वर करता येईना. "वैनी, माजी चूक..."

"मना ठाव हाय. उद्या जालं उचलाल ना?"

गावात दुसऱ्या कुणाची होडी चालू असती तर तिने त्याला विचारलंच नसतं. तिने माफ केलं असं त्याने समजावं, असं तिच्या आवाजात काहीच नव्हतं.

"उचलीन," तो म्हणाला.

दुसऱ्या दिवशी दोन्ही जाळी ओढून झाल्यावर त्याने आपली सगळी बोय जोतीरामच्या पाटीत ओतली. त्याच्या जाळ्यातल्या शिंगाळ्यांत ती मिसळून टाकली आणि पाटी दारात टेकवली. आतून जोतीराम ओरडला, "गोट्या, च्या घेऊन जा रे!"

बयाबाई बाहेर आली आणि पाटीपाशी बसली. एकेक बोय वेचून तिने वेगळी काढली. ती बोटभर बोय जोतीरामच्या मोठ्या आसात अडकतच नाही. सगळी वेचून झाल्यावर तिने ती गोटीरामच्या रिकाम्या पाटीत टाकली.

"ही आमची नाय, भाऊजी," ती हळूच म्हणाली, आणि चहा आणायला आत गेली.