आवतण कुणाच्या घरचं

आमच्या सभापतींचं भाषण रस्त्यावरून सुरू होवो, पीकविम्यावरून होवो की शाळेच्या पत्र्यांवरून, शेवटी ते बैलांवरच येऊन थांबतं. पंचायत समितीचं सभापतिपद जाऊन बरीच वर्षं झाली, पण मी नवऱ्याला अजून सभापतीच म्हणते. त्यांना ते आवडतं आणि मला चिडवायला बरं पडतं.

त्यांचं राजकारण खरोखरच बैलांनी सुरू केलं. कुंभार पिंपळगावच्या पलीकडे आमचं गाव. पोळ्याला वेशीतल्या तोरणाखालून पहिली जोडी पाटलांची जायची, मग बाकीच्यांच्या. एका वर्षी पाटलांनी बैल विकलेले, म्हणून त्यांनी पाहुण्यांची जोडी उसनी आणली. अंगदराव, म्हणजे आमचे हे, तेव्हा पंचविशीतले असतील. वेशीत आडवे उभे राहिले आणि म्हणाले, उसन्या बैलाला कसला मान? ज्याचे बैल वर्षभर रानात राबतात त्याचीच जोडी पुढं जाईल. गाव हळूहळू हो म्हणालं. त्या वर्षी आमची जोडी पहिली गेली. पुढच्या निवडणुकीत हे सरपंच झाले आणि त्यानंतर सभापती.

सभापती झाले त्याच वर्षी दारात जीप आली, ट्रॅक्टर आला आणि बैल बाजारात गेले. मी रडून रडून डोळे सुजवून घेतले. ह्यांनी मला समजावलं, की सभापतीच्या बायकोनं शेण काढायचं नसतं. मला शेण काढायची हौस होती असं नाही, पण पहाटे गोठ्यातून कुणी हंबरून बोलवत नव्हतं, ते सोसवत नव्हतं. तेव्हापासून पोळ्याला हे नुसता नारळ फोडायचे आणि मान गावकरी ठरवतील त्या जोडीला जायचा.

गेल्या वर्षी मात्र ह्यांना जिल्हा परिषदेचं तिकीट हवं होतं. वय झालेलं, ही शेवटचीच संधी. 'मातीतला माणूस' असे बॅनर छापून झाले होते, आणि पक्षाचे तालुकाध्यक्ष पोळा बघायला, खरं तर ह्यांना बघायला, येणार होते. मातीतल्या माणसाकडे बैल नकोत का? आमच्याच गल्लीत थोडं पुढं पाशामियाँचं घर. त्यांची लाल कंधारी जोडी दृष्ट लागावी अशी. ह्यांनी ती पोळ्यापुरती मागितली. पाशामियाँ भिडस्त माणूस, तुमचीच समजा म्हणाले.

पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी खांदेमळणी असते. जू ओढून आंबलेले बैलांचे खांदे हळद-लोण्यानं मळायचे आणि त्यांना दुसऱ्या दिवशीच्या जेवणाचं आवतण द्यायचं. हे तेव्हा अंबडला बैठकीला गेलेले. पाशामियाँच्या बायकोनं, रहिमाबीनं, खांदे मळले आणि बैलांना सांगितलं, "आज आवतण घ्या, उद्या जेवायला या." मी तिथंच होते. सकाळी मी ह्यांना म्हटलं, की बैलांना आवतण त्या घरचं आहे, ते आपल्या दारात कसे जेवतील? ह्यांनी फेटा बांधता बांधता हात झटकला. बैलाला काय कळतं, म्हणाले.

तोरणाखालून जोडी पहिली गेली. धोतर, फेटा, हातात कासरा. खोटं कशाला बोलू, रुबाबदार दिसत होते. मारुतीपुढं मंगलाष्टकं झाली, गुलाल उडाला. म्हाताऱ्यांना पाटलांची उसनी जोडी आठवत असणार, पण सणाच्या दिवशी वाकडं कोण बोलतं? अध्यक्ष खूश होते. आता जोडी आमच्या दारात यायची, मी पाय धुऊन पुरणपोळी भरवायची आणि त्याचा व्हिडिओ निघायचा, एवढंच राहिलं होतं.

मी ताट घेऊन उंबऱ्यात उभी राहिले. जोडी आली आणि आमच्या दाराकडे न बघता सरळ पुढं निघाली. ह्यांनी कासरा ओढला. बैल माना वाकड्या करून थांबले आणि पुन्हा पाशामियाँच्या घराकडे ओढायला लागले. लोक हसू दाबायला लागले. कुणीतरी ह्यांच्या हातात काठी दिली. अध्यक्ष म्हणाले, हाणा एखादी, एक फोटो तर पाहिजे.

पोळ्याला बैलावर काठी उगारत नाहीत, हे गावातलं शेंबडं पोरही जाणतं. ह्यांची काठी वर गेली. निवडणूक हरलेला नवरा मी पाहिला होता. सणाच्या दिवशी बैलाला मारणारा नवरा मला बघायचा नव्हता.

पाशामियाँ धावत आले. "रुको भाऊ, मी फिरवून देतो ना."

ह्यांनी त्यांच्याकडे पाहिलं, मग बैलांकडे. काठी खाली टाकली, कासरा पाशामियाँच्या हातात दिला आणि अध्यक्षांकडे वळले.

"साहेब, ही जोडी पाशाभाईची हाय. माझे बैल मी कवाच इकले. आवतण बी ह्यांच्याच घरचं हाय, मंग इथं कशाला थांबतेल?"

अध्यक्षांनी चहासुद्धा घेतला नाही. तिकीट दुसऱ्याला गेलं. बॅनर मी सरपण झाकायला घेतले. ह्यांचा उतरलेला चेहरा बघून मला वाईट वाटायचं, पण लग्न झाल्यापासून नवऱ्याचा इतका अभिमानही कधी वाटला नव्हता. हे मी त्यांना बोलले नाही, नाहीतर तेही भाषणात आलं असतं.

यंदा पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी हे वाटीत लोणी घेऊन निघाले. मी हळद घेऊन मागे. पाशामियाँच्या गोठ्यापाशी थांबून ह्यांनी विचारलं, "भाबी, खांदे मी मळू का?"

रहिमाबी हसली. दोन घरी जेवतील, बैलांना काय जड आहे, म्हणाली.

जुवानं पडलेल्या घट्ट्यावर हात गेला तसे हे थोडे थांबले, मग हळूहळू मळत राहिले. शेवटी बैलाच्या कानाशी वाकले. "आज आवतण घ्या," एवढं म्हणाले आणि पुढं आवाजच फुटेना. घंटा घंटा भाषण ठोकणारा माणूस. उरलेलं मी म्हटलं.

दुसऱ्या दिवशी गावानं पहिला मान पाशामियाँच्या जोडीला दिला. हे गर्दीत मागं उभे होते. मी ताट घेऊन उंबऱ्यात आले. जोडी गल्लीत शिरली, पाशामियाँनी कासरा सैल सोडला, आणि बैल आमच्या दारात येऊन थांबले. सभापती गर्दीतून वाट काढत आले आणि बैलांचे पाय धुवायला तांब्या शोधायला लागले.